रंगनाथकाका यायचेत अजून

हडपसरच्या आम्रपालीने एडिटिंगचे धडे लग्नाच्या व्हिडिओंवर गिरवले. त्या धंद्यात नियम एकच, चेहरा सुटता कामा नये. हळदीत नवऱ्याची आत्या दिसली नाही की फोन आलाच, "आमची माणसं काय नुसती जेवायला आली होती?" अशी वर्षं गेली आणि कुणाला गाळायचं म्हटलं की तिचं मन धजेनासं झालं.

मग कसबा पेठेतल्या तांबटांवरचा माहितीपट हाती आला, तिचा पहिला खरा पिक्चर. बाईंनी तिथेही वऱ्हाड जमवलं! आळीतला एकूण एक कारागीर घेतला. दिग्दर्शक पियुष बघता बघता जांभया द्यायला लागला.

"ताई, हे लग्न नाहीये. रंगनाथकाका काढा."

रंगनाथकाका आळीतले सर्वांत म्हातारे तांबट. हंडा मांडीशी धरून शांतपणे ठोके घालत बसलेले. सीन देखणा होता आणि नेमका तिथेच पिक्चर बसकण मारत होता. तिलाही ते कळत होतं, हेच वाईट. तिने सीन काढला. पिक्चर धावायला लागला, तिची झोप मात्र उडाली.

"काकांना मी कळवतो," पियुष म्हणाला.

त्याने कळवलं नाही. निमंत्रण मात्र चोख पोहोचलं. पहिल्या खेळाला काका इस्त्रीचा सदरा घालून, सून-नातवंडांसकट पुढच्या रांगेत हजर. सांगावं तर सगळ्यांदेखत, आणि सांगायला जाईपर्यंत दिवे मालवलेसुद्धा. आम्रपाली त्यांच्या मागेच बसली. लोक हसत होते, दाद देत होते, तिला पडदा दिसतच नव्हता. नवा कारागीर आला की काका ताठ व्हायचे. "आता मी," नातीला सांगायचे.

शेवटी नावं सरकायला लागली. टाळ्या वाजवून लोक उठले. सूनही उठली.

"बस गं, मी यायचोय अजून," काका म्हणाले.

पियुष मोबाइलमध्ये डोकं घालून केव्हाच बाहेर सटकला होता. आम्रपाली काकांसमोर जाऊन उभी राहिली.

"काका, तुमचा सीन मी काढला."

"चांगला नव्हता का?"

"फार चांगला होता."

काकांनी उठून सदरा सारखा केला.

"मग वाईट होता असंच म्हणा, ताई. आळीत सांगायला सोपं जाईल."