लोखंडी माणसाशेजारची जागा

"चढू द्या, ताई," असं म्हणून मास्तर एक बोट वर करायचे. कापडावर रंग चढायला वेळ लागतो, हे सांगायची ती त्यांची खूण. माझ्यासारख्या उतावळीला ती दिवसातून चारदा दिसे.

सुरतेत पांडेसऱ्याच्या एका कापड मिलमध्ये ते रंगाचे मास्तर, मी ऑफिसात टायपिस्ट. नव्वदचं दशक संपत आलं तेव्हा शेठनी इंटरनेट घेतलं. पंधरा दिवसांचा क्लास करून मी अशी मिरवायचे, जणू उपग्रह मीच सोडलाय!

एकदा जेवणाच्या सुट्टीत मास्तर आले. तरुणपणी पाहिलेल्या एका इंग्रजी सिनेमाचं विचारू लागले, परग्रहावरून लोखंडी माणूस येतो तो. शोधलं, तर कुणा परदेशी शौकिनाने त्याची तिकिटं, पोस्टरं, गावोगावच्या थिएटरांबाहेरचे फोटो जमवून ठेवलेले. यादीत आमचं सुरतही निघालं!

"थिएटरबाहेर त्या लोखंडी माणसाचा पुतळा होता," मास्तर म्हणाले. "सिनेमावाल्यांनी आम्हा नवराबायकोचा फोटो काढला होता त्याच्याशेजारी. हिचा दुसरा फोटोच नाही, ताई. वीस वर्षं झाली ती जाऊन. आता चेहराच आठवत नाही."

मी सुरतचा फोटो लावला; तेव्हा स्क्रीनवर फोटो वरून खाली, एकेक ओळ उतरायचा. आकाश. थिएटरची पाटी. पुतळ्याचं डोकं.

"आता गजरा येईल, डावीकडे," मास्तर म्हणाले. आला.

"आता कुंकू. जरा तिरकं."

तेही आलं, तिरकंच. आणि ही नवलाई बहिणीला तिथल्या तिथे कळवायला या शहाणीने फोन उचलला! फोन आणि इंटरनेट एकाच तारेवर, फोन उचलला की इंटरनेट तुटायचं. कुंकवाखाली फोटो थांबला तो थांबलाच.

"चढत होता, ताई," मास्तर एवढंच म्हणाले. बोट वर केलं नाही.

पुढे चार दिवस लाइनच बंद. पाचव्या दिवशी सुरू झाली, त्याच सकाळी मास्तरांच्या घरून, बमरोलीहून निरोप आला. मास्तर झोपेतच गेले होते.

दुपारी मी एकटीनेच फोटो लावला. पूर्ण उतरला. बाई गोड हसत होती, पण बाजूला बघून. तिथे कुणीच नव्हतं. एका माणसाएवढी जागा, बस.

मग त्या जागेत वरून खाली, एकेक ओळ, काहीतरी उतरू लागलं. केस. कपाळ. वर केलेलं एक बोट.

मी घाबरून फोन उचलला.

आता नातीच्या मोबाइलवर फोटो डोळ्याचं पातं लवायच्या आत येतात. त्या शौकिनाचं ते पान मात्र इंटरनेटवर सापडत नाही. दोनदा तोडलं बघा मी. एकदा ते तिला बघणार होते तेव्हा, आणि एकदा ती त्यांना बघत होती तेव्हा.