माळावरची रेडवूड

कळंबला एस.टी. बदलून वाशीच्या गाडीत बसलो तेव्हा सकाळचे नऊच वाजले होते, तरी खिडकीचा गज हाताला चटका देत होता. दुष्काळाचं ते दुसरं वर्ष. रस्त्याच्या दोन्ही अंगांना काळी रानं नुसती भेगाळलेली. माझ्या खिशात एक कार्ड होतं : ‘तुमची तीन झाडं जगली आहेत. येऊन बघून जा. – कौसल्याबाई.’ अक्षर गावच्या मास्तरांचं, शब्द बाईंचे.

कार्ड वाचून मला आनंदापेक्षा धास्ती वाटली होती. मी पुण्यात वनस्पतिशास्त्र शिकवतो. कॅलिफोर्नियातल्या एका मित्रानं रेडवूडचं, म्हणजे जगातल्या सर्वांत उंच झाडाचं, बी पाठवलं होतं. त्याची बारा रोपं मी वाढवली. वाशी तालुक्यातल्या एका सहकारी रोपवाटिकेची माणसं पुण्याला शिकायला आली, तेव्हा भाषणाच्या भरात ती बाराही मी त्यांना देऊन टाकली. समुद्राच्या धुक्यावर पोसणारं हे झाड बालाघाटच्या माळावर कसं तगणार, हा विचार टाळ्यांत राहून गेला. पुढं पाऊसच पडला नाही.

फाटा ओळखण्यात चूक झाली आणि मी दोन मैल अलीकडंच उतरलो. पाझर तलावाच्या कामावर निघालेले एक म्हातारबाबा भेटले. पत्ता सांगू लागलो, तर म्हणाले, “झाडवाल्या बाईकडं व्हय? चला, म्या तिकडंच चाललोय.” वाटेत त्यांनी आपल्या वाळक्या भोपळ्याच्या तुंब्यातलं पाणी आधी मला दिलं. मी दोन घोट घेऊन थांबलो. “प्या की,” ते म्हणाले, “पाव्हण्याला पाणी मोजून देत न्हाईत.”

कौसल्याबाई पन्नाशीच्या, सडसडीत. “जयभीम, गुर्जी,” म्हणत थेट परसात घेऊन गेल्या. त्या कामाला होत्या ती रोपवाटिका विहीर आटून बंद पडली, तेव्हा उरलेली रोपं त्यांनी घरी आणली होती. तुराट्यांच्या (तुरीच्या वाळक्या काड्यांच्या) आडोशाला तीन डबे होते आणि भोवती ओलं गोणपाट टांगलेलं. आत हात घातला. गार होतं. दोन रोपं कमरेएवढी झाली होती, हिरवीगार. तिसरं वीतभर.

“ते मेलं म्हणून उपटाया गेले,” बाई म्हणाल्या, “तर बुडातून फुटवा आलेला. मंग ठिवलं.”

“गोणपाट कुणी सांगितलं?”

“कोण सांगणार? वारं लई कोरडं येतंय. लेकराला ताप आला की पट्टी ठिवतो, तसं केलं.”

बाई परातीत बसून अंघोळ करत आणि तेच पाणी गोणपाटावर शिंपडत. मैलभरावरून डोक्यावर आणलेलं पाणी ते. मी पुस्तकात धुक्याबद्दल वाचलं होतं. या बाईंनी ते परसात तयार केलं होतं.

आता खरं सांगणं भाग होतं. “कौसल्याबाई, हे झाड इथं मोठं व्हायचं नाही. त्याला धुकं लागतं, थंडी लागते. तुम्ही किती दिवस असं पाणी घालणार?”

बाईंनी गोणपाटाची सरकलेली कड नीट केली. मग म्हणाल्या, “हे ठावं व्हतं, तर दिलं कशापायी?”

“माझी चूक झाली,” मी म्हणालो.

त्या आत गेल्या. मला वाटलं, आता निघावं. पण बुद्धाच्या तसबिरीखाली पाट मांडून त्यांनी हाक मारली. हुलग्याचं माडगं (भरडलेल्या हुलग्यांची पातळ पेज), ज्वारीची भाकरी, शेंगदाण्याची चटणी. मी मान खाली घालून जेवत होतो.

“धुकं कुठं असतंय?” त्यांनी विचारलं.

“पाचगणीला. माझ्या मित्राची बाग आहे तिथं.”

“मंग दोन तिकडं न्या. आजच न्या. बारकं माझ्यापाशी ऱ्हाऊ द्या. त्यानं एकडाव मरून बघितलंय, त्याला काय भ्या न्हाय.” आणि त्या पहिल्यांदा हसल्या.

परतीच्या गाडीत कंडक्टर डबे टपावर टाकायला निघाला. “वर जळतील हो,” मी म्हणालो. पुढच्या बाकावरच्या एका शाळेतल्या बाईंनी काही न विचारता एक डबा मांडीवर घेतला आणि वर पदर धरला. कळंबला उतरताना त्यांच्या लुगड्यावर चिखल होता. त्यांचं नावही मी विचारलं नाही, ही चुटपुट अजून आहे.

पाचगणीला नेलेल्या दोनांतलं एक दुसऱ्या वर्षी कुजलं. दुसरं आज बागेतल्या बंगल्याच्या कौलांच्याही वर गेलंय. वाशीचं पुढच्या मे महिन्यात वाळलं. तसं कार्ड आलं. त्या जागी कडुनिंब लावल्याचंही त्यात होतं.

माझ्या चुकीबद्दल, बाईंच्या त्या एका प्रश्नापलीकडं, मला त्या मुलखात कुणी बोल लावला नाही. उलट पाणी दिलं, जेवू घातलं आणि माझंच झाड सांभाळून माझ्या हाती दिलं. हे ऋण फिटायचं नाही. मी एवढंच करतो : कुणाच्या हाती रोप देण्याआधी, तुमच्या घरी पाणी कोण आणतं आणि कुठून, हे विचारतो.