सारे राजी का?

उजवा हात कानामागे धरून तो विचारायचा, "सारे राजी का?" आणि थांबायचा. पुन्हा विचारायचा. तिसऱ्यांदा विचारूनही एखादं तोंड मिटलेलं दिसलं, तर ठराव होत नसे.

एटापल्लीच्या पुढे, नाल्यापलीकडच्या त्या गावात मी शाळेवर होते. तुमच्याही गावात असा एखादा म्हातारा असेल, पदावर नसलेला, पण ज्याच्याशिवाय सभा बसत नाही.

एकदा बोअरिंग कुठे मारायचं यावरून एक म्हातारी रुसून गप्प बसली. दुपार सरत आली तरी सभा उठेना. मी म्हटलं, "भाऊ, बाकी सगळे तयार आहेत ना?"

"मंग हिले तहान नाई लागत का, बाई?"

शेवटी म्हातारीच ओरडली, "जा बा, मी बी राजी. मले भूक लागली!" सर्वांत मोठ्यानं तोच हसला.

गावाला पूल हवा होता. पावसाळ्यात नाला भरला की गाव तुटायचं. निवडून आल्यावर आमदारांनी काठावर नारळ फोडला, आपलं नाव कोरलेला काळा दगड रोवला. कामाला हात लागायच्या आत बातमी आली, आमदारांनी राजीनामा दिला.

म्हातारा गूळ घेऊन शाळेत आला. "तोंड गोड करा, बाई. सायबानं राजीनामा देल्ला!"

"यात गोड काय, भाऊ?"

"अवो, सारे राजी झाल्याचा नामा! पुलाले आता वरपर्यंत सारे राजी."

मला हसू आलं. मग सांगावं लागलं. साहेबांना दुसऱ्या पक्षात जायचंय, म्हणून आमदारकी सोडली. आता पोटनिवडणूक होईल, तोवर आचारसंहिता, नवं काम सुरू होणार नाही. तो ऐकत राहिला. गूळ हातातच विरघळत होता.

"सोडून गेला, तं राजी कोन होता? आमाले तं कोनी इचारलं नाई."

राजीनामा या शब्दाचा जुना अर्थ संमतीचा कागद असाच आहे. मी कोशात पाहिला. त्याला मात्र सांगवलं नाही.

प्रचाराला तोच माणूस आला, गळ्यातला दुपट्टा तेवढा बदललेला. म्हातारा उभा राहिला, हात कानामागे. "सायेब, सोडून जातानी राजी कोन होता?"

"काकाजी, तुमच्या विकासासाठीच सोडलं!" सोबत आणलेल्या माणसांनी टाळ्या वाजवल्या.

त्यानं दुसऱ्यांदा विचारलं. "बसा ना बुढोबा," कोणीतरी खेकसलं. तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा लाउडस्पीकरवर गाणं लागलं होतं.

या वेळी मतदानाची शाई मधल्या बोटाला लावली. पहिल्या बोटावर मागची खूण अजून होती. दोन्ही बोटं माझ्यासमोर नाचवत तो म्हणाला, "पूल एक बी नाई, बाई, अन् बोटं दोन काळी."

साहेब पुन्हा निवडून आले. पुन्हा नारळ फुटला. मग पाऊस लागला.

त्याला शेतात साप चावला. चौघांनी खाट उचलली, मी छत्री धरून सोबत. भर दुपार होती. नाला दोन्ही काठ भरून वाहत होता, आणि पलीकडे रुग्णवाहिका दिवा लावून उभी होती. खाट त्या काळ्या दगडाला टेकवली. पलीकडून ड्रायव्हर काहीतरी ओरडत होता. ते ऐकायला म्हातारा हात कानामागे न्यायचा, आणि हात गळून पडायचा. पाणी उतरलं तेव्हा गाडीचं काम उरलं नव्हतं.

पेपरात आलं, 'पुरामुळे मृत्यू'. पुरामुळे नव्हे. तो नाला दरवर्षी भरतो. ज्यांना हे ठाऊक होतं त्यांनी दुपट्टे बदलले, हार घातले, घालून घेतले, आणि शोकसंदेशात त्याचं नावही चुकीचं छापलं.

तिकडे मेलेल्या माणसासाठी दगड उभा करतात. कोणता दगड आणायचा यासाठी सभा बसली. त्याच्या जागी कोणी बसलं नव्हतं. ती रुसकी म्हातारी म्हणाली, "नाल्यावरचा आना. अक्षरं मातीत गाडा."

मग तिनंच हात कानामागे धरला. "सारे राजी का?"

तीनदा विचारलं. सारे राजी. तरी तिचा हात खाली येईना. मी भिंतीशी बसले होते, बाहेरगावची, सरकारी नोकर.

"बाई, तुमी?"

"राजी," मी म्हणाले, आणि शाळेतली पहार आणायला उठले.