तळहातावरचं वजन

पदनाम : कला-उपचार साहाय्यक (मृत्तिका), कंत्राटी. कामाचे ठिकाण : रुग्णालयाची मागील इमारत, तळमजला, धुलाईखोलीला लागून. कर्तव्ये : भावनिक क्लेशात असलेल्या व्यक्तींना मातीच्या माध्यमातून अभिव्यक्तीची संधी उपलब्ध करून देणे, सदर अभिव्यक्तीची योग्य ती निगा राखणे व सत्र संपल्यावर फरशी पुसून घेणे. वय : पन्नाशीच्या आसपास, कोणत्या बाजूला, हे विचारलेलं चालत नाही. ओळखीची खूण : नखांत माती, लग्नाकार्यातसुद्धा.

हे वर्णन ज्या बाईंना लागू पडतं त्यांना सगळं रुग्णालय चिखलताई म्हणायचं. आधी पाठीमागे म्हणायचं, मग तोंडावर म्हणायला लागलं, आणि शेवटी पगारपत्रक करणारा कारकूनही एकदा चुकून तसं लिहून बसला, तेव्हा ताईंनी हरकत घेणं सोडून दिलं.

ताई या कामात दुःखितांच्या सेवेसाठी वगैरे आलेल्या नव्हत्या. त्या एका टाइल्सच्या कारखान्यात न्हाणीघरांच्या टाइल्सवर फुलं उमटवायच्या. लोकांनी न्हाणीघरात फुलं बघणं बंद केलं, कारखाना बसला, आणि त्याच सुमारास कुणा दात्याने रुग्णालयाला विजेची भट्टी भेट दिली. भट्टी आली, पण तिचं करायचं काय हे कुणालाच ठाऊक नव्हतं. म्हणून भट्टी कळणारं माणूस शोधलं गेलं. मग ताईंना रीतसर प्रशिक्षण मिळालं. "यातून तुम्हाला काय जाणवतंय?" हा प्रश्न कसा विचारायचा हे त्या तिथे शिकल्या. तो कधी विचारायचा नाही, हे मात्र त्या पुढे एकेका माणसाकडून शिकत गेल्या.

राहायला भावाकडे. वहिनी मनाने चांगली, पण न्हाणीघराच्या मोरीबाबत कडक. "वन्सं, हात बाहेर धुऊन या. मागच्या वेळी नळवाल्याने तुमची अर्धी अभिव्यक्ती काढली पाइपातून."

गुरुवारचा गट लहान होता. एक निवृत्त मास्तरीणबाई होत्या. त्या दर वेळी आपल्या जावेचा पुतळा करायच्या आणि सत्र संपता संपता थापटून त्याची पोळपाटाएवढी चकती करायच्या. एक तरुण इंजिनिअर होता, तो चौकोनी ठोकळा करायचा आणि विचारायचा, "बरोबर आहे का?" बरोबर-चूक असं इथे काही नसतं, हे ताईंनी सांगितलं की तो आणखी घाबरायचा. आणि फरशीवाल्या मावशी होत्या. त्या गटात नव्हत्या, पण मत द्यायला त्यांना गट लागत नसे.

नव्या माणसाला ताई पहिल्या दिवशी एकच गोष्ट सांगायच्या. "इथे तुमच्या कामाला तुमच्याशिवाय कुणी हात लावणार नाही. वाकडं होऊ दे, मोडू दे, ते तुमचं."

"आणि फरशी माझी," मावशी दारातून सांगायच्या. "पाय वर घ्या."

काटेवाले आले ते या वाक्यावर मान हलवून बसले, आणि पुढचे कित्येक गुरुवार नुसती मानच हलवत राहिले. गावाबाहेरच्या वजनकाट्यावर ते नोकरीला होते. ट्रक भरलेला येतो, रिकामा येतो, दोन्ही वजनं करायची, एकातून दुसरं वजा करायचं आणि छापील पावती खिडकीतून द्यायची. त्यांची मुलगी तापाने गेली होती. नंतर त्यांनी नोकरी चुकवली नाही, जेवण मात्र सोडलं, आणि संध्याकाळी घरी उजवा तळहात उताणा ठेवून बसून राहायला लागले. बायकोने मनोविकार विभागाच्या डॉक्टरीणबाईंना गाठलं. डॉक्टरीणबाईंनी आधी गोळ्या दिल्या, मग गुरुवार दिला.

ते मातीचा गोळा घ्यायचे, तळहातावर धरायचे, डोळे मिटायचे. चिमूटभर माती लावायचे. पुन्हा डोळे मिटायचे. थोडी काढायचे.

"भाऊ, किराणा तोलताय की काय?" मास्तरीणबाई एकदा म्हणाल्या.

"हो," काटेवाले म्हणाले. हा त्यांचा गटातला पहिला शब्द.

हळूहळू गोळ्याला कपाळ आलं. मग टाळूचा खळगा, मग एक कान. दुसरा कान त्यांनी केलाच नाही. तो त्या दिवशी त्यांच्या हाताकडे होता, दिसला नव्हता, असं त्यांनी नंतर सांगितलं.

"केवढी होती?" मास्तरीणबाईंनी विचारलं. असले प्रश्न ताईंना प्रशिक्षणात मना होते, मास्तरीणबाईंना नव्हते.

"एकोणीस."

"मग हे एवढंसं?"

"हे पहिल्या दिवसाचं आहे. नर्सने हातात दिली आणि म्हणाली, डोकं सांभाळा, मान धरत नाही अजून. मी बाकी सगळं विसरलो, डोकंच धरून बसलो." काटेवाले गोळ्याकडे बघतच बोलत होते. "पुढे मोठी झाली. मोठ्या मुलीचं डोकं कोण हातात घेतं, बाई? शेवटी घ्यायचं होतं, तर तिथे मध्ये आयसीयूची काच होती. तेवढं ते पहिल्या दिवसाचं हातात राहिलंय. बाकी फोटो आहेत, पण फोटोला वजन नसतं. हेही जाईल हातातून एक दिवस. जायच्या आत करून ठेवतो."

मास्तरीणबाईंनी त्या दिवशी जावेची चकती केली नाही. जाऊ तशीच उभी राहिली, जन्मात पहिल्यांदा.

डोकं पुरं झालं त्या गुरुवारी काटेवाले सत्रानंतर थांबले. भाजून हवं होतं. कच्चं घरी नेऊन उपयोग नव्हता. "आमच्या हिच्या ओल्या फडक्यातून घरात कुणी सुटत नाही. चार दिवसांत चिखल होईल. भाजून किती घटतं?"

"वाळून, भाजून, चौथा हिस्सा धरा."

"धरलाय. मास्तरीणबाईंच्या भाजून आलेल्या चकतीवरून अंदाज घेतला होता. तेवढं जास्त केलंय. भट्टीतून निघेल ते बरोबर निघेल."

ताई थबकल्या. मग त्यांनी नाइलाजाने सांगितलं. भरीव गोळा भट्टीत टिकत नाही. आत खोल ओल राहते, तिची वाफ होते आणि गोळा फुटतो. म्हणून असलं काम वरून तारेने कापायचं, आतली माती कोरून काढायची, अंगठ्याएवढी जाड भिंत ठेवायची आणि झाकण पातळ चिखलाने पुन्हा चिकटवायचं. "सांधा दिसणारसुद्धा नाही, भाऊ."

काटेवाल्यांनी दोन्ही हात डोक्यावर ठेवले. "कोरू नका. डोकं आहे ते."

"फुटेल हो."

"फुटू दे. तुकडे झाले तर तुकडे नेईन. सगळे असतील तरी."

ताई 'बरं' म्हणाल्या. आता हे 'बरं' कसलं होतं, होकाराचं की नुसतं बोलणं आटोपण्याचं, याचा विचार त्यांनी पुढे पुष्कळ केला. त्या वेळी मात्र त्यांच्या डोळ्यांसमोर भट्टी होती. एकाच भट्टीत सगळ्यांचं काम जायचं. इंजिनिअरचा ठोकळा, जो त्याने स्वतः कोरून पोकळ केला होता आणि ज्याला तो एकदाचा बरोबर म्हणाला होता. मास्तरीणबाईंची उभी जाऊ. मध्ये एक भरीव डोकं फुटलं की आजूबाजूचं काही शाबूत राहत नाही. कारखान्यात त्यांनी फुटलेल्या एका नगापायी आख्खी भट्टी वाया गेलेली पाहिली होती.

दुसऱ्या दिवशी माती अजून ओलसर होती. खोलीत कुणी नव्हतं. ताईंनी तार घेतली.

काम त्यांनी जीव ओतून केलं. टाळूच्या मागून कापलं, म्हणजे कपाळाला धक्का नको. तारेची कडी लावलेल्या कोरणीने आतली माती थोडी थोडी काढली, कान हलू नये म्हणून डाव्या हाताचा आधार दिला. निघालेली माती टबात टाकली, जुन्या मातीबरोबर भिजायला. मग झाकण चिकटवलं, सांधा बोटाने बुजवला, वरून ओला स्पंज फिरवला. सांधा खरंच दिसत नव्हता. ताईंना त्या क्षणी बरं वाटलं, हे सांगायला हवं. इतका साफ हात पुष्कळ दिवसांत चालला नव्हता.

पुढे कितीतरी गुरुवार डोकं फळीवर वाळत होतं. वाळताना कुणी उचलायचं नाही, हा नियम ताईंनी स्वतःच मोठ्याने सांगितला.

"वाळतंय ना?" काटेवाले विचारायचे.

"वाळतंय."

मधल्या काळात काटेवाले जेवायला लागले होते. बायकोने डॉक्टरीणबाईंना तसं कळवलं आणि डॉक्टरीणबाईंनी ताईंना. ताईंनी मान डोलावली आणि त्या उगाचच कपाट आवरायला लागल्या.

भट्टी उघडली त्या गुरुवारी सगळं शाबूत निघालं. जाऊ भाजून विटकरी झाली होती. मास्तरीणबाई म्हणाल्या, "शेवटी हिच्यात जरा रंग भरला म्हणायचं." इंजिनिअरने ठोकळा चारी बाजूंनी तपासून पाहिला. ताईंनी डोकं दोन्ही हातांनी आणून काटेवाल्यांसमोर ठेवलं.

त्यांनी तळहात उताणा केला, त्यावर ते ठेवलं आणि डोळे मिटले.

लगेच उघडले.

"कोरलंत," ते म्हणाले.

ताईंनी सगळं सांगितलं. भट्टी, वाफ, इतरांचं काम, ठोकळा, जाऊ. सांगताना आपण फार भरभर बोलतोय हे त्यांना कळत होतं. काटेवाले ऐकत होते. खिडकीवर ट्रकवाल्यांची कारणं ऐकायची त्यांना सवय असावी. चेहऱ्यावर राग दिसत नव्हता.

"आतली माती कुठे आहे?"

"टबात... वापरली गेली. सगळ्यांत मिळून."

इंजिनिअरने आपल्या हातातला नवा, ओला गोळा हळूच टेबलावर ठेवला.

"एकटं भाजता आलं असतं का, ताई?" काटेवाल्यांनी विचारलं. "हे एकटंच, भट्टीत दुसरं काही न ठेवता?"

आलं असतं. विजेचा खर्च होतो म्हणून कार्यालय कुरकुरलं असतं, एक अर्ज करावा लागला असता. ताईंनी अर्ज केला नव्हता. तो विचार मनात आला होता आणि त्यांनी तो बाजूला सारला होता, कारण भट्टीचं दार उघडून आतले तुकडे या माणसापुढे ठेवण्याची त्यांची तयारी नव्हती.

"आलं असतं," त्या म्हणाल्या.

काटेवाल्यांनी डोकं टेबलावर ठेवलं, खुर्ची आत सारली आणि ते गेले. मावशींनी नुकत्याच पुसलेल्या फरशीवरून गेले, आणि मावशींनी बादली त्यांच्या वाटेतून बाजूला ओढली.

डॉक्टरीणबाईंनी सगळं ऐकून घेतलं. त्या ओरडल्या नाहीत, त्यामुळे ताईंना त्यांचं ऐकणं आणखी जड गेलं. "फुटू द्यायचं होतंत. त्यांची तयारी होती. फुटलं असतं तर तिथे तुम्ही होता, मी होते. त्यांना सावरायचं म्हणून तुम्ही स्वतःला सावरलंत, ताई."

"आता?"

"आता जाऊन या. काही मागू नका त्यांच्याकडे. माफीसुद्धा."

सोमवारी ताई डोकं टॉवेलात गुंडाळून वजनकाट्यावर गेल्या. भंगाराने भरलेला एक ट्रक काट्यावर उभा होता. ड्रायव्हर खाली उतरून पावतीसाठी हुज्जत घालत होता. खिडकीआड काटेवाले शांतपणे सांगत होते, "दादा, तू उतरलास, क्लीनर अजून आतच बसलाय. त्याला पण भंगारात विकणार का?" क्लीनर हसत उतरला. ताई बाहेर धुळीत उभ्या राहून हे ऐकत होत्या आणि त्यांना वाटलं, माणूस बरा दिसतोय. तेवढ्यापुरती त्यांना आशा वाटली.

"या, ताई," काटेवाल्यांनी दार उघडलं. खोली जेमतेम दोन खुर्च्यांची. पंखा जोरात होता आणि टेबलावरच्या पावत्या त्यांनी कोपराने दाबून धरल्या होत्या. त्यांनी चहा मागवला.

काही मागायचं नाही, हे ताई सगळ्या रस्ताभर घोकत आल्या होत्या. चहा आला आणि त्या म्हणाल्या, "पुन्हा करू या. भरीवच. एकटं भाजू. मी अर्ज दिलाय, मंजूरही झालाय. फुटलं तर फुटलं."

काटेवाल्यांनी चहाची बशी खाली ठेवली.

"ते आता येत नाही, ताई. त्या दिवसापासून हात पसरला की हेच येतं. हलकं. आधीचं किती होतं, ते सापडत नाही. घरी पीठ घेऊन पाहिलं, तांदूळ घेऊन पाहिले. ही म्हणाली, काय करताय? मी म्हटलं, काही नाही."

"जन्माच्या वेळचं वजन कुठे लिहिलेलं असेल ना? त्यावरून..."

"मुलीचं आहे लिहिलेलं. डोक्याचं वेगळं कोण करतं?" ते किंचित हसले. "आणि मी काही तिचं वजन नव्हतं केलं, ताई. मी धरलं होतं फक्त."

बाहेर पुढच्या ट्रकने हॉर्न दिला. काटेवाल्यांनी टॉवेल सोडला, डोकं बाहेर काढलं आणि क्षणभर त्याच्याकडे पाहिलं. मग त्यांनी ते पावत्यांच्या गठ्ठ्यावर ठेवलं. पावत्यांची फडफड थांबली.

"राहू दे इथे," ते म्हणाले. "घरी नको. हिला सांगावं लागेल." आणि ते खिडकीकडे वळले. "हां, चल दादा, पुढे घे. अजून. अजून. बस."

ताईंनी टॉवेलाची घडी केली आणि त्या निघाल्या. परतताना बसमध्ये त्यांनी आपला उजवा हात मांडीवर उताणा ठेवला. मग शेजारची बाई बघतेय असं वाटून तो पदराखाली घेतला.

वर्षअखेरीस विभागाचा अहवाल निघाला. "मृत्तिका-माध्यमातील कला-उपचार उपक्रमास सहभागींचा उत्साहवर्धक प्रतिसाद लाभला. उपक्रम मध्येच सोडलेल्या व्यक्तींची संख्या नगण्य असून त्याचे कारण नोकरीच्या वेळा न जुळणे हे आहे." कारणाचा रकाना ताईंनीच भरला होता. 'अन्य' लिहिलं असतं तर स्वतंत्र कागद जोडावा लागला असता.

काटेवाल्यांना आठवड्याची सुटी गुरुवारी असते.