गुळगुळीत उतार

आमचे हे गवंडी. सिमेंट घोटून गुळगुळीत करण्यात यांचा हात धरणारा कोणी नाही, असं मी नाही, गाव म्हणतं. मी एवढंच म्हणते, की आमच्या घरात भिंतीला खिळा ठोकायची सोय नाही. लगेच यांच्या कपाळाला आठ्या!

बंधाऱ्याच्या कडेने उतार बांधायचं काम यांना मिळालं, तेव्हा इंजिनिअरबाईंनी बजावलं होतं, "पहिला पाऊस पडला की मासे अंडी घालायला वरच्या उथळ पाण्याकडे निघतात. बंधारा त्यांना चढता येत नाही. त्यांच्यासाठीच हा उतार. तो खडबडीत ठेवा, मध्ये मध्ये दगड बसवा."

यांनी मान डोलावली आणि आठ दिवस तो उतार घोटत बसले. वर मला म्हणतात कसे, "मासे असले म्हणून काय झालं? काम ते काम." आरशासारखा केला हो!

मग एका सकाळी शेजारीण ओरडत आली, "मासे आले!" चहा तसाच टाकून आम्ही पळालो. अगं बाई, पाणी नुसतं खदखदत होतं! अंड्यांनी पोटं टम्म फुगलेले मासे उतारावर झेपावत, निम्म्यापर्यंत जात आणि सर्रकन मागे येत. पाण्याचा जोर मोडायला वाटेत काही नव्हतंच, मासे तरी टिकणार कसे?

"काय हो, घसरगुंडी बांधलीत की!" पुलावरून कोणीतरी ओरडलं. यांचा चेहरा पांढराफटक पडला.

इंजिनिअरबाईही धावत आल्या आणि म्हणाल्या, "तासभर उताराचं पाणी बंद ठेवते. पण आज हे मासे चढले नाहीत, तर अंडी इथेच वाया जातील."

मला वाटलं, आता हे हुज्जत घालणार. छे! छिन्नी-हातोडी घेऊन थेट उतारावर. स्वतः घोटलेलं स्वतःच फोडायला लागले. प्रत्येक घावाला डोळे मिटत होते बिचारे. मीही बाह्या सरसावल्या. मी दगड देत गेले, हे लवकर धरणाऱ्या सिमेंटमध्ये बसवत गेले.

पाणी सोडलं. एक जाडजूड मादी झेपावली, घसरली, पुन्हा उसळली आणि एका दगडाच्या आडोशाला टेकली.

"टेकली, टेकली!" मी किंचाळले. दम खाऊन ती पुढच्या दगडाला, मग त्याच्या पुढच्या, आणि गेली की वर! तिच्यामागे सगळी फौजच सुटली. पुलावर नुसता जल्लोष.

हे मात्र गुडघाभर पाण्यात तसेच उभे. "तीस वर्षं लोक माझ्या कामावरून चालत गेले," म्हणाले, "थांबलं कोणी नाही. ही थांबली गं."

एरवी मी टोमणा मारल्याशिवाय राहते थोडीच! पण आज नुसतं म्हटलं, "अहो, अजून येतायत बघा."