माफी न मागितलेला गोलकीपर

माझ्या दादाच्या नावाने खोटं पोस्ट करू नका.

मिलिंददादा परवा गेला. हार्ट अटॅक. लीड्सला, स्वतःच्या किचनमध्ये, चहा टाकता टाकता.

आज सकाळी त्याच्या इथल्याच जुन्या कॉलेजच्या पेजवर त्याचा फोटो. वर लिहिलंय, ‘आमच्या कप जिंकणाऱ्या टीमचा लाडका गोलकीपर.’ खाली हार्ट्सच हार्ट्स.

लाडका?

ऐका मग.

एटीज संपत आलेले. अख्ख्या फुटबॉल टीममध्ये आपल्यातला एकटा दादा. त्या सीझनला टीम हरतच नव्हती.

दर शनिवारी आई, बाबा आणि मी टचलाइनला उभे, थंडीने काकडत. हाफटाइमला पोरांना संत्र्याच्या फोडी देतात ना इकडे, त्या आई घरून न्यायची. तिखट-मीठ लावून! पहिल्यांदा सगळी गोरी पोरं ठसकली. मग त्याशिवाय त्यांचं पान हलेना.

सेमीफायनलला समोरच्या कॉलेजचे सपोर्टर्स दादाच्या गोलमागे येऊन उभे राहिले. माकडाचे आवाज काढले. रस्त्यावर आपल्या सगळ्यांनाच मिळायची ती शिवी दिली. सेकंड हाफमध्ये एक जण त्याच्या पाठीवर थुंकला.

दादा बॉल घेऊन शांतपणे रेफरीकडे गेला. “एकतर ते थांबतील, नाहीतर मी.”

“गेट बॅक इन गोल, सन.”

दादाने बॉल रेफरीच्या पायाशी ठेवला आणि मैदान सोडलं.

उरलेल्या दहा जणांनी मॅच कशीबशी जिंकली. मग कॉलेजने निर्णय दिला: मिलिंदने रेफरीची माफी मागायची, तरच फायनल.

आणि थुंकणारा? तो कोण ते म्हणे कळू शकलं नाही. डोंबल!

दादाला ती फायनल किती हवी होती, हे त्या पेजवाल्यांना काय माहीत? रोज बेसिनमध्ये ग्लोव्ह्ज धुऊन रेडिएटरवर वाळत घालायचा. आईलासुद्धा हात लावू द्यायचा नाही.

“दोन शब्द बोल आणि मोकळा हो,” बाबा म्हणाले. परक्या देशात मान खाली घालून राहावं, असं त्यांचं मत.

“बाबा, तुमच्यावर थुंकले असते तर तुम्ही मागितली असती?”



दुसऱ्या दिवशी सकाळी बाबांनी बाबासाहेबांच्या जयंतीला घालायचा सूट चढवला. कामावर दांडी मारली, बसने कॉलेजला गेले आणि प्रिन्सिपलसमोर उभं राहून सांगितलं, “माय सन विल नॉट अपॉलोजाइझ.” कधी कौन्सिलच्या क्लार्कपुढेही आवाज न चढवणारा माणूस!

फायनलच्या आदल्या संध्याकाळी कोचचा फोन. मी उचलला. मला वाटलं, दादाला बोलावतायत.

“तुझी मम्मी उद्या संत्री पाठवेल का? द लॅड्स लव्ह देम, यू नो.”

अरे, लाज वाटते का?

आईला सांगितलं. ती म्हणाली, “त्याला म्हणावं, माझ्या पोराला घे, मग संत्रीच काय, पुरणपोळ्याही आणते.”

मी शब्दन् शब्द इंग्लिशमध्ये सांगितला. तो हसला. त्याला जोक वाटला.

ते फायनल खेळत होते तेव्हा दादा घरी फ्रंट रूममध्ये व्हॅक्यूम क्लीनर फिरवत होता. तोच कोपरा, परत परत. आईने शेवटी प्लग काढला आणि त्याला जवळ घेतलं. एवढा सहा फुटी माणूस, हमसून हमसून रडला.

ते जिंकले. कप घेऊन फोटो काढला. त्यात दादा नाही. म्हणून आज पेजवर सीझनच्या सुरुवातीचा फोटो टाकलाय. हुशार आहेत.

मी खाली कॉमेंट केली, ‘तो फायनल खेळला नाही. तुम्ही खेळू दिलं नाहीत.’ दहा मिनिटांत डिलीट! वर मेसेज, ‘सॉरी, धिस इज नॉट द टाइम.’

मग टाइम कधी? तेव्हाही नव्हता.

म्हणून इथे लिहितेय. हे डिलीट करून दाखवा.

उद्या दुपारी क्रिमेटोरियमला बुद्धवंदना आहे. ज्यांचा त्याच्यावर जीव होता, त्यांनी या. त्या टीममधल्यांनीही या, अडवणार नाही. पण कॉलेजचा स्कार्फ गळ्यात घालून कोणी आलं, तर मी तो दारातच उतरवून घेईन.

झोप आता, दादा. तुझ्या वतीने मीही माफी मागणार नाही.

जय भीम.