हिंगोलीची स्वप्न-अकॅडमी आणि याडीची दुपार

सुरुवातीलाच सांगून टाकते, असल्या गोष्टींवर माझा काडीचा विश्वास नव्हता. मी बी.एस्सी. केमिस्ट्री. आमच्या अख्ख्या घराण्यात कॉलेजची पायरी चढलेली पहिली मीच, आणि हे मी कुणी न विचारताही सांगते, कारण ती पायरी मला कुणी उचलून चढवलेली नाही. सेनगाव तालुक्यात, गोरेगावच्या पुढे आमचा बंजाऱ्यांचा तांडा. आता हिंगोलीत एका खाजगी शाळेत विज्ञान शिकवते. भानामती, करणी, अंगात येणं... यातलं खोटं पोरांना प्रयोग करून दाखवणारी बाई मी. त्यामुळे पुढचं लिहिताना मलाच कसंतरी होतंय.

हळदीच्या मार्केटकडे जाणाऱ्या रस्त्यावर ठिबकच्या पाइपांचं दुकान आहे. त्याच्या वरच्या मजल्यावर एक दिवस फ्लेक्स लागला — "स्वप्न अभियांत्रिकी व काळ नियंत्रण अकॅडमी. नवीन बॅच सुरू." शेजारीच पोलीस भरतीचा क्लास, म्हणून कुणाला त्यात विशेष वाटलं नाही. आमच्याकडे कशाचाही क्लास निघतो! मी ठरवलं, डेमो लेक्चरला बसायचं आणि चारचौघांत याचं पितळ उघडं पाडायचं.

शिकवणारे सर पन्नाशीचे, अर्ध्या बाह्यांचा स्वेटर घातलेले. आधी म्हणे बांधकामावर सुपरवायझर होते. मी उभी राहिले.

"सर, गेलेला काळ परत उघडतो याला आधार काय?"

"मॅडम, तुमी शिक्षिका का?"

"हो."

"वाटलंच. दुसऱ्याला बसवून स्वतः उभं राहायची सवय दिसते. बसा."

सगळे हसले. मी चिडले, आणि चिडले म्हणूनच दुसऱ्या दिवशीही गेले.

त्यांचं म्हणणं साधं होतं. स्वप्न म्हणजे बांधकाम. पाया वासाचा, भिंती आवाजाच्या, आणि माणूस सगळ्यात शेवटी. लोक घाई करून आधी माणूस आणायला बघतात, म्हणून स्वप्न ढासळतं. शाळा सुटल्यावर दुपारी आम्ही खुर्च्यांवर डोळे मिटून वास जमवत बसायचो. मी शिजणाऱ्या हळदीचा वास धरला होता. पाया पक्का झाला की पुढे काळाचा भाग. सर म्हणायचे, "गेलेली दुपार उघडता येते. पन मानसाला एकच दुपार, ती बी एकदाच. जे करायचं ते बराबर करा."

मला काय करायचं होतं ते सांगते. माझी याडी — आम्ही तांड्यावर आईला याडी म्हणतो — मी आश्रमशाळेत सातवीत असताना गेली. काखेत गाठ होती. तिनं ती लपवली, आणि दवाखान्यात नेलं तोवर हाताबाहेर गेलं होतं. मला फक्त गाठ लहान असतानाच्या एका दुपारी जाऊन तिला सांगायचं होतं, की दवाखान्यात जा. हसा खुशाल. पितळ उघडं पाडायला गेलेली मी, तिथं याडीसाठी डोळे मिटून बसायला लागले.

एका दुपारी वास पक्का बसला. मग हळद शिजवायच्या चुलाणातल्या जाळाचा आवाज, मग कोंबड्यांचा... आणि मी तांड्याच्या तोंडाशी उभी. स्वप्नासारखं धूसर काहीच नव्हतं. चपलेत खडा गेला होता, तो टोचत होता. याडी घरासमोर वाळलेली हळकुंडं निवडत बसली होती. एकटीच. आजच्या माझ्यापेक्षा वयानं लहान! मी जवळ गेले आणि माझ्या तोंडून निघालं —

"ताई, जरा ऐका ना."

आश्रमशाळेपासूनची सवय. आमची गोरमाटी बोली बोलली की पोरी हसायच्या, म्हणून मी मराठी घोटून घोटून शिकले. आता महत्त्वाचं काही बोलायचं म्हटलं की आपोआप तीच येते. हिंगोलीत माझं बोलणं ऐकून मी तांड्याची आहे हे कुणाला ओळखू येत नाही, याचा मला केवढा अभिमान... तीच मराठी मी माझ्या आईपुढे लावली.

तिनं झटकन पदर सारखा केला आणि उठून उभी राहिली. "या मॅडम. बसा. चा ठिवते."

"चहा नको. तुमच्या डाव्या काखेत गाठ आहे ना? दुखत नाही म्हणून अंगावर काढू नका. हिंगोलीला दवाखान्यात जा. लवकर जा."

तिनं पदर आणखी घट्ट ओढला. मग म्हणाली, "व्हय मॅडम. जाते की."

हा होकार मला पाठ होता. लसवाली येवो, सर्वेवाली येवो, तांड्यातल्या बाया अस्साच होकार द्यायच्या आणि तिची पाठ फिरली की पदरात तोंड घालून हसायच्या. याडीच्या मांडीवर बसून मीही हसले आहे.

मला रडू फुटलं. आता आपल्या बोलीत नाव सांगावं म्हणून तोंड उघडलं... आणि मी खुर्चीत जागी झाले.

"सर, मला परत जाऊ द्या. चूक झाली."

"काय चूक?"

"मी मराठीत बोलले हो तिच्याशी."

"हे शिकवायला पाहिजे व्हतं," सर म्हणाले. "मला सुचलंच न्हाई."

तरीही तोवर मी त्याला स्वप्नच समजत होते. होळीला तांड्यावर गेले तेव्हा सहज काकीला विचारलं, "काकी, याडीला वेळेवर कुणी सांगितलं नव्हतं का गं?" (काकी आमच्या बोलीत बोलली, इथं तुम्हाला कळेल असं लिहिते.)

"सांगितलं व्हतं की! एक मॅडम आल्ती, चष्मेवाली. तुझी याडी तिची कशी नक्कल करायची, ठावं हाय का?" काकीनं मान तिरकी केली, एक बोट वर धरलं. "ताई, जरा ऐका ना..."

हुबेहूब मी. वर्गात मी अशीच बोलते.

काकी हसता हसता थांबली. "पन त्या दिसापासून भेली बघ. म्हनली, गाठीचं मी नवऱ्याला बी सांगितलं न्हाई, मग सरकारला कसं कळलं? धरून न्हेतील, कापतील. मला शपथ घातली, कुनापाशी बोलायचं न्हाई. काहून आल्ती ती बया कुनास ठावं! आली नसती, तर आज ना उद्या तोंड उघडलं असतं तुझ्या याडीनं."

डोळ्यांवरचा चष्मा काढून मी मुठीत धरला.

तुम्ही म्हणाल, ही गोष्ट लहानपणी कानावर पडली असेल, तीच स्वप्नात आली. मीही स्वतःला हेच समजावून बघितलं. पण मी तेव्हा आश्रमशाळेत होते, आणि काकीनं ती शपथ माझ्यासमोर पहिल्यांदाच मोडली. अकॅडमीच्या जागी आता मोबाईल दुरुस्तीवाला बसतो, सरांचा फोन लागत नाही. कुणापाशी याचं उत्तर असेल तर कळवा, पण "मनाचे खेळ" एवढंच असेल तर राहू द्या, ते मला येतं.

याडीला एकच हौस होती. लेक शिकून मोठी झालेली बघायची. ती तिनं बघितली, अगदी समोर, हाताच्या अंतरावर... आणि तिला ती कुणी सरकारी मॅडम वाटली.